पोस्टमनचा पोकळ पाय

फोन वाजला तेव्हा तपासनीस बाई गरम पाण्याच्या बादलीत पाय सोडून बसल्या होत्या. सकाळचे आठ वाजले होते. निवृत्तीला सात महिने उरले होते आणि गुडघ्यांनी त्याआधीच राजीनामा दिला होता.

"बाई, इस्पितळातून बोलतोय." आवाज ओळखीच्या डॉक्टरांचा होता. "एका पोस्टमनला आम्ही पाय बसवला होता. साकारलेला. परवा जिन्यात तुटला."

"तुटतात एखादे वेळी."

"असा नाही तुटत. घोट्यापाशी मोडला आणि आत काहीच नव्हतं. अंड्याचं टरफल जसं. माणूस चौदा पायऱ्या गडगडत खाली आला. कंबरेचं हाड गेलंय."

बाईंनी एक पाय बादलीबाहेर काढला. "कारखाना कुठला?"

"गुरुजींचा."

बाईंनी दुसरा पायही काढला. गुरुजींच्या कारखान्यातून चाळीस वर्षांत एक पोकळ बोटसुद्धा बाहेर गेलं नव्हतं. आणि गुरुजी वारून आज दहा दिवस झाले होते.

साकारणी म्हणजे मनातली वस्तू हातात आणण्याची विद्या. ऐकायला सोपी वाटते. टेबलावर हात ठेवायचे, डोळे मिटायचे आणि वस्तू मनात पुरी उभी करायची. ती पुरी उभी राहिली की हाताखाली येते. पण या विद्येचे दोन नियम आहेत. तपासनीस होण्याआधी बाईंनी बावीस वर्षं लहान मुलांना ते शिकवले होते.

पहिला नियम असा, की जेवढं मनात आणाल तेवढंच हातात येईल. पहिल्या दिवशी मुलं खुर्ची साकारत आणि निम्म्या खुर्च्या तीन पायांच्या निघत, कारण चौथ्या पायाकडे कुणी कधी नीट बघितलेलंच नसे. चेंडू साकारला तर तो उसळत नसे. चेंडूच्या आत काय असतं याचा विचार कोण करतो?

दुसरा नियम जास्त कडक. जे हातात आलं ते मनातून गेलं. बाईंच्या वर्गातल्या एका मुलीने आईचा कंगवा साकारला. फार सुंदर साकारला, एक तुटका दात होता तोसुद्धा जागच्या जागी. संध्याकाळी घरी जाऊन तिने आईच्या डोक्यातल्या कंगव्याकडे बघत विचारलं, "हा कुणाचा गं?" दुसऱ्या दिवशी आई शाळेत भांडायला आली होती.

म्हणून तर प्रत्येक कारखान्यात एकच शिस्त असते: आधी कार्ड, मग काम. माणसाचं माप, दुसऱ्या पायाचं चित्र, करणाऱ्याची सही. एकदा पाय हातात आला की तो कसा होता हे करणाऱ्यालाही सांगता येत नाही.

कारखान्याच्या दारात मावशी झाडत होती. झाडू भिंतीला टेकवून ती आत गेली आणि न विचारताच चहा घेऊन आली.

"बसा बाई. तुमचे पाय सुजलेत. तुम्हीच नवे बसवून घ्या आता."

"इथले नको," बाई म्हणाल्या. मावशी हसली नाही. आपली थट्टा नको तिथे पडली, हे बाईंच्या लक्षात आलं.

"अक्का आत आहे," मावशी हळू आवाजात म्हणाली. "दोन दिवस जेवलेली नाही. ते पत्र सापडल्यापासून."

"कसलं पत्र?"

"मला काय कळतंय? मला वाचता येत नाही. पण अक्षर गुरुजींचं होतं, ते कळलं. भिंतीवरची एकूण एक सूचना त्यांच्या हातची आहे ना. दुसऱ्याला खडू धरू द्यायचे नाहीत."

बाईंनी मान वर केली. मोरीवरच्या काळ्या फळ्यावर पांढऱ्या अक्षरात लिहिलं होतं: हात धुवा. डोकं शांत करा. मग बसा. ओळी उजवीकडे वर चढत गेल्या होत्या, टेकडी चढावी तशा.

पत्र गुरुजींच्या मुलाने आणून दिलं. त्याला सगळे दादा म्हणत. तिशीचा असेल, पण डोळ्यांखालची काळी वर्तुळं पन्नाशीची होती. बापाचं दोन महिन्यांचं आजारपण त्याने एकट्याने काढलं होतं.

"बाबांच्या गादीखाली होतं," तो म्हणाला. "परवा संध्याकाळी सापडलं."

"पोस्टमन पडला त्याच दिवशी?"

"गादी उन्हात टाकायला काढली. योगायोग म्हणा."

बाईंनी पत्र उघडलं. कागद कडक होता, घडीवर बारीक चिरा पडल्या होत्या. ओळी वर चढत गेलेल्या. मजकूर थोडाच होता. पोस्टमनचा पाय अक्काने केला आहे. तो आतून कच्चा आहे. अक्काचं मन आता थकलं आहे. माझ्यामागे तिच्या हाती काम देऊ नये.

"कार्ड कुठंय?"

"त्या पायाचं कार्ड पेटीत नाही. अक्कांनीच..." दादा थांबला. "मला त्यांचं वाईट वाटतं. पण बाबांनीच लिहिलंय."

बाईंनी पत्र पिशवीत ठेवलं. पोकळ काम सिद्ध झालं तर परवाना जन्मभरासाठी जातो. टेबलावर हात ठेवून डोळे मिटायचीही मग मुभा नसते. अक्का या टेबलाशी सव्वीस वर्षं बसत होती. दुसरं तिला काही येत नव्हतं, आणि दुसरं तिला काही नकोही होतं.

अक्का खिडकीपाशी बसली होती. हात मांडीवर, तळवे वर, जणू ते कुणी तरी परत न्यायला येणार होतं.

"अक्का, तो पाय तुम्ही केलात?"

"माहीत नाही."

"असं कसं?"

"डॉक्टरांनी माप मंगळवारी धाडलं, पाय बुधवारी गेला. त्या आठवड्याची माझी कार्डं आहेत तीन. मला वाटतं, मी तीनच केले. पण बाई, कार्ड नसेल तर मी कशाच्या जोरावर सांगू? केला असला तर तो मनातून गेलाच असणार."

"मंगळवारी दिवसभर इथेच होता?"

"दुपारी गुरुजींचं औषध आणायला गेले होते. परत येऊन बसले असेन. गुरुजींना धाप लागली होती. त्या दिवसांत जेवले की नाही तेही आठवत नाही."

"तुम्हाला काय वाटतं?"

अक्काने पहिल्यांदा वर बघितलं. "गुरुजी खोटं लिहिणार नाहीत. म्हणजे मीच केला असणार. त्या माणसाला दोन लहान मुली आहेत हो. त्याच्या कंबरेचं हाड मी मोडलं."

 गुन्हा कबूल करणारी माणसं त्यांनी पुष्कळ बघितली होती. न आठवणारा गुन्हा डोक्यावर घेऊन बसलेली ही पहिलीच.

पलीकडच्या टेबलावर काका पंजे करत. नुसते पंजे. त्यांच्यापुढे पाच-सहा हात ओळीने पडलेले होते, एक जण तर बोट रोखून छताकडे दाखवत होता.

"मला विचारू नका," काका म्हणाले. "पायाशी माझा संबंध बुटापुरता."

"मंगळवारी कुठे होता?"

"रजेवर. मेव्हण्याच्या घरी. बुधवारी सकाळी आलो. आता म्हणाल, बुधवारी सकाळी पाय करून मोकळा झालो असेन. तेही जमेल की. पण माझ्या पायाला पाच बोटं सरळ आली असती तर मीच पेढे... जाऊ द्या."

"अक्काचं आणि तुमचं पटत नाही म्हणे."

"सव्वीस वर्षं पटत नाही. खिडकी उघडी ठेवायची की बंद, यावरून. पण तिने केलेल्या पायावर हत्तीने पाय दिला तरी तो मोडायचा नाही. ती आधी हाड मनात आणते, मग मांस, मग कातडी. बाकीचे उलटं करतात."

"बाकीचे म्हणजे?"

काका एका पंजाचा अंगठा पुसत बसले. "सगळेच शिकाऊ. मीही असाच होतो. गुरुजींनी कान धरून शिकवलं."

"पत्र बघितलंत?"

"बघितलं. अक्षर त्यांचंच. चाळीस वर्षं बघतोय. त्यामुळेच तर तोंड बंद आहे."

दादा बाईंना मोरीपर्यंत सोडायला आला. बाईंनी हात धुतले. तो फळ्याकडे बघत म्हणाला, "हे सगळं आता नीट करायचंय. इस्पितळाचे लोक येतात, बरं दिसत नाही. हे बघा ना, कुणी खरडलंय कोण जाणे. ओळ धड सरळ नाही."

बाईंनी हात पुसले. पुसायला नेहमीपेक्षा जास्त वेळ लावला.

"उद्या दुपारी येते," त्या म्हणाल्या. "सगळे हजर राहा."

जाताना त्या मावशीच्या चुलीपाशी थांबल्या. "मावशी, गुरुजींच्या हातचा एखादा कागद आहे का कुठे?"

मावशी जरा घुटमळली. मग तिने साखरेचा डबा काढला आणि झाकणाच्या आत चिकटवलेली एक चिठ्ठी दाखवली.

"अंथरुणावरून लिहून दिली होती. काकांना दे म्हणाले. काका त्या दिवशी रजेवर. मग राहूनच गेलं. पुढे गुरुजी गेले, तेव्हा वाटलं, असू दे आपल्यापाशी. त्यांचं शेवटचं अक्षर."

बाईंनी चिठ्ठी वाचली. पुन्हा वाचली.

"यात काय लिहिलंय, कुणाला विचारलं नाहीस?"

"कशाला? साखर आणा असंच असणार."

"एक दिवसासाठी देशील?"

"परत द्याल ना?"

"देईन."

दुसऱ्या दिवशी दुपारी बाईंनी मोठ्या टेबलावर तीन चिठ्ठ्या मांडल्या. चौघं भोवती उभी होती. बाहेर कुणी तरी सायकलला हवा भरत होतं, तेवढाच आवाज.

"शाळेतला खेळ आहे," बाई म्हणाल्या. "या तीन चिठ्ठ्या तीन माणसांनी लिहिल्यात. यातली गुरुजींची कुठली? एकेकाने यायचं आणि माझ्या कानात सांगायचं. कॉपी चालणार नाही."

"पास झालो तर पगार वाढेल का?" काका म्हणाले. ते आले, बघितलं आणि लगेच कानात बोलले.

अक्का आली. तिचा हात मधल्या चिठ्ठीकडे आपोआप गेला आणि मागे आला. तिनेही सांगितलं.

"मी कशाला?" मावशी म्हणाली. "मला वाचता येत नाही."

"वाचायचं नाहीये. ओळखायचंय."

मावशीने डोळे बारीक केले, पदराने नाक पुसलं आणि कानात बोलली.

मग दादा आला. तो तिन्ही चिठ्ठ्यांवर वाकला. पहिली उचलली, ठेवली. तिसरी उचलली. मधल्या चिठ्ठीवरून त्याची नजर तशीच पुढे गेली. 

"बाई," तो म्हणाला, "तुमच्याकडचं पत्र जरा दाखवता? ताडून बघतो आणि सांगतो."

सायकलच्या पंपाचा आवाज थांबला होता.

"अरे," काका हळूच म्हणाले, "बापाचं अक्षर ताडून बघतोस?"

 बाई खुर्चीवर बसल्या. उभं राहण्याचे त्यांचे दिवस सरले होते.

"मी सांगते," त्या म्हणाल्या. "चुकलं तर थांबवा मला.

"पत्र वाचलं तेव्हाच एक गोष्ट खटकली. गुरुजींना पाय कच्चा असल्याचं कळलं होतं, असं पत्र म्हणतं. मग ते पत्र लिहून गादीखाली ठेवतील? मी त्यांना ओळखत होते. त्यांनी अंथरुणातून ओरडून माणूस पळवला असता आणि तो पाय पोस्टमनच्या मांडीवरून उतरवून आणला असता. चाळीस वर्षं कारखान्याचं नाव जपलेला माणूस, पोस्टमनला जिना चढू देऊन अक्काची तक्रार लिहीत बसणार नाही.

"म्हणजे पत्र गुरुजींनी लिहिलेलं नाही. पण अक्षर त्यांचं आहे. मग ते साकारलेलं आहे."

त्यांनी पिशवीतून पत्र काढलं आणि त्याचा एक कोपरा बोटांत धरून वाकवला. कोपरा फाटला नाही. तो कट्कन मोडला. कडेला एकही धागा नव्हता, नुसतं पांढरं टरफल.

"खरा कागद फाटला की कडेला केस निघतात. याच्या आत काहीच नाही. कागद कसा दिसतो एवढंच करणाऱ्याने मनात आणलं होतं. पाय कसा दिसतो एवढंच आणलं होतं, तसंच. पाय आणि पत्र एकाच मनातून आलेत. आणि अक्का आतून सुरुवात करते, हे काकांनी सांगितलं.

"राहिलं कोण? काका आणि दादा. आता दुसरा नियम. जे हातात आलं ते मनातून गेलं. पाय केला तर तो एक पाय जातो, दुसऱ्या माणसाचं माप घेऊन दुसरा करता येतो. पण पत्र करायला प्रत्येक वळण लागतं, प्रत्येक काना, प्रत्येक ओळीचा चढ. पत्र करणाऱ्याच्या मनातून गुरुजींचं अक्षरच गेलं असणार. सगळं. काकांनी मला सांगितलं, अक्षर त्यांचंच. चाळीस वर्षं बघतोय. आणि काल मोरीपाशी दादांनी फळ्याकडे बघून विचारलं, हे कुणी खरडलंय."

दादा फळ्याकडे वळला.  त्याच्या चेहऱ्यावर ओळखीची एक रेषही उमटली नाही.

"मला माहीत होतं अक्षर जाणार ते," तो म्हणाला. "वाटलं, जाऊ दे. बाबाच गेलेत. आता त्यांचं अक्षर ओळखायची वेळ कशाला येते? पण हा फळा... हा त्यांचा आहे हेही जाईल असं नव्हतं वाटलं."

"पाय केव्हा केलास?" बाईंनी विचारलं. 'तुम्ही' कधी गळून पडलं ते कुणाच्या लक्षात आलं नाही.

"मंगळवारी दुपारी. पाय कसा होता ते आठवत नाही, पण टेबलाशी बसलो होतो ते आठवतं. अक्का औषधाला गेल्या होत्या. डॉक्टरांचा निरोप होता, पाय उद्याच हवाय. आठवडाभर झोप नव्हती. बाबा म्हणायचे, तुझं काम वरवरचं असतं. वाटलं, एक पुरा करून दाखवावा त्यांना, ते असेपर्यंत. बुधवारी मीच इस्पितळात पोचवला. बाबांना सांगितलंही, मी पाय केला म्हणून. ते हसले. त्यांना वाटलं असेल, अक्काने तपासला असेल."

"आणि तुटल्यावर कार्ड फाडलंस."

"परवाना मिळून चार महिने झाले होते."

"अक्काचा परवाना सव्वीस वर्षांचा," काका म्हणाले.  "तिला स्वतःचं आठवणार नाही, हे तुला ठाऊक होतं. म्हणून तिचं नाव घातलंस. माझं नाही घातलंस, मी बोंबललो असतो."

दादाने मान खाली घातली. ते खरं होतं.

 अक्का टेबलाला धरून सावकाश खाली बसली.

"म्हणजे तो माझा नव्हता," ती म्हणाली.

"नव्हता."

"मला बरं वाटतंय." तिने तोंडावर हात घेतला. "तो माणूस तिकडे पडलाय आणि मला बरं वाटतंय. लाज वाटते हो बाई."

बाईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला. 

"मधली चिठ्ठी," दादाने विचारलं. "ती बाबांची?"

"वाच."

त्याने मोठ्याने वाचली. अडखळत, परक्याचं पत्र वाचावं तशी. "दादा फार दमलाय. आज त्याला काही साकारायला बसवू नका. काही बोलू नका, नुसतं जेवायला घाला आणि झोपू द्या. मंगळवार."

मावशीच्या हातातला कप बशीवर आपटला.

"त्या दिवशीची?" ती म्हणाली. "मी... मला वाटलं साखरेचं काही तरी. अगं आई! मी कुणाकडून तरी वाचून घेतली असती तर..."

"तुझी चूक नाही, मावशी," अक्का म्हणाली.

दादा चिठ्ठी दोन्ही हातांत धरून उभा होता. अक्षराकडे नुसता बघत होता, कुठून तरी काही तरी परत येईल म्हणून. बाईंना त्या कंगव्याच्या मुलीचीही अशीच नजर आठवली. तिला त्यांनी तेव्हा जे सांगितलं होतं तेच त्यांनी आता सांगितलं.

"पुन्हा शिकता येतं. रोज बघितलं तर ओळखायला लागशील. पण ते नवं असेल. लहानपणापासूनचं नसेल."

"ही मी ठेवू?"

मावशी पुढे झाली आणि तिने चिठ्ठी त्याच्या बोटांतून काढून घेतली. हिसकावली नाही, झोपलेल्या मुलाच्या हातातलं खेळणं काढावं तशी काढली.

"नाही दादा," ती म्हणाली. "तुझ्या हातात तो नुसता कागद आहे. माझ्यापाशी ते गुरुजी आहेत. तुला बघायची असेल तेव्हा माझ्याकडे ये. चहा देईन, चिठ्ठी दाखवीन."

बाईंनी दादाचा जबाब लिहून घेतला. त्याने सही केली. पुढचं सगळं त्यांना पाठ होतं: मंडळ, सुनावणी, परवाना जप्त. निवृत्तीआधी हे एवढं एक प्रकरण नसतं आलं तर बरं झालं असतं, असं त्यांना वाटलं. दादा त्यांच्याबरोबर निघाला तेव्हा काकांनी त्याच्याकडे बघितलं नाही, पण उठून दार उघडून दिलं.

दारातून बाहेर पडताना बाईंना मागे फोनचा आवाज ऐकू आला. अक्का इस्पितळाशी बोलत होती.

"डॉक्टर, त्या पोस्टमनला विचाराल का? मी आले तर चालेल का म्हणावं. त्याचा चांगला पाय बघायचाय मला. नाही, आज नाही. तो बसता होईल तेव्हा. मी थांबते."